पहिलं कॅरी पिस्तूल: कॉम्पॅक्ट घ्यावं की सबकॉम्पॅक्ट?

अमेरिकेत ग्रीन कार्ड हातात आलं किंवा नागरिकत्व झालं, की आपल्यातले काही जण स्वसंरक्षणासाठी पिस्तूल बाळगायचा विचार करू लागतात. ते घ्यावं की नाही, हा ज्याचा त्याचा निर्णय आहे आणि त्यात मी पडणार नाही. हा लेख त्यांच्यासाठी आहे ज्यांचं घ्यायचं ठरलंय, पण दुकानातल्या काचेच्या कपाटासमोर उभं राहिल्यावर कुठलं घ्यायचं तेच कळेनासं झालंय. मी या सगळ्यातून गेले आहे. तेव्हा नीट समजावून सांगणारं कुणी मराठीत भेटलं असतं तर किती बरं झालं असतं, असं वाटत राहिलं, म्हणून हे लिहिते आहे.

कॉम्पॅक्ट म्हणजे मध्यम आकाराचं पिस्तूल, सबकॉम्पॅक्ट म्हणजे त्याहून छोटं. माझं मत आधीच सांगते. तुमच्या अंगावर, तुमच्या कपड्यांत नीट लपेल असं मोठ्यात मोठं पिस्तूल घ्या. दुकानातलं सर्वांत छोटं शोधत बसू नका. छोटं पिस्तूल बाळगायला सोपं आणि चालवायला अवघड असतं. नवशिक्यांना यातली पहिली गोष्ट दुकानात लगेच दिसते. दुसरी नेमबाजीच्या रेंजवर कळते, तोवर पैसे भरून झालेले असतात.

१. आधी कायदा, मग दुकान

एच-१बी, एल-१, एफ-१, एच-४, बी-२ अशा नॉन-इमिग्रंट व्हिसावर असाल तर फेडरल कायद्यानं बंदूक बाळगणं हाच गुन्हा आहे. शिकारीचा वैध परवाना असणाऱ्यांना अपवाद आहे, पण तो आपल्याला लागू होतो हे मित्राच्या सांगण्यावरून ठरवू नका, वकिलाला विचारा. ग्रीन कार्डवाल्यांना आणि नागरिकांना खरेदी करता येते. परवानाधारक दुकानातून पिस्तूल घ्यायला वयाची २१ वर्षं पूर्ण हवीत.

आपल्याकडच्या घरांत हमखास घडणारी एक गोष्ट इथेच सांगते. आई-बाबा सहा महिन्यांसाठी आले की त्यांना हौसेनं रेंजवर नेणारे आणि हातात पिस्तूल देऊन फोटो काढणारे पुष्कळ आहेत. आई-बाबा बी-२ वर आहेत. तो फोटो त्यांच्याविरुद्धचा पुरावा ठरू शकतो आणि पिस्तूल देणारे तुम्हीही अडकता. नवरा ग्रीन कार्डवर आणि बायको अजून एच-४ वर, असं घर असेल तर पिस्तुलाच्या तिजोरीची किल्ली किंवा आकडा बायकोकडे असता कामा नये. ग्रीन कार्डवाल्यांनी एवढंही लक्षात ठेवा की बंदुकीसंबंधीच्या गुन्ह्यात दोषी ठरलात तर ते देशातून काढून टाकण्याचं कारण होऊ शकतं.

बाळगण्याचा परवाना राज्यागणिक वेगळा. २०२२ च्या ब्रुएन निकालात सर्वोच्च न्यायालयानं 'खास कारण दाखवा' ही अट घटनाबाह्य ठरवली, त्यामुळे न्यूयॉर्कसारख्या राज्यांतही सामान्य माणसाला अर्ज करता येतो. देशातल्या निम्म्याहून जास्त राज्यांत तर परवान्याशिवायही बाळगता येतं. तरीही परवाना काढाच, असं मी आग्रहानं सांगेन. फेडरल कायद्यानुसार शाळेच्या हद्दीपासून १००० फुटांच्या आत बंदूक बाळगायला बंदी आहे आणि त्यातून सूट मिळते ती त्या राज्याचा परवाना असणाऱ्याला. गावातून गाडी चालवताना आपण अशा किती हद्दी ओलांडतो ते नकाशावर एकदा बघा. शिवाय शेजारच्या राज्यात गेल्यावर परवाना चालण्याची शक्यता तरी असते. कॅलिफोर्निया आणि न्यूयॉर्क इतर राज्यांचे परवाने मानत नाहीत.

निवडीवर थेट परिणाम करणारा नियम मॅगझिनचा, म्हणजे मुठीत बसणाऱ्या गोळ्यांच्या डबीचा. कॅलिफोर्निया, न्यूयॉर्क, न्यू जर्सी इथे १० गोळ्यांची मर्यादा आहे, कोलोराडोत १५ ची. १० च्या राज्यात राहत असाल तर 'कॉम्पॅक्टमध्ये १५ गोळ्या बसतात' हा मुद्दा तुमच्यापुरता बाद होतो. कॉम्पॅक्टचा पकडीचा फायदा मात्र तिथेही उरतो. कॅलिफोर्नियात राज्याच्या यादीत नसलेलं मॉडेल दुकानदार नवीन विकू शकत नाही, म्हणून तिथल्यांनी आधी ती यादी बघावी आणि मगच मन बसवावं.

२. आकारांचा अंदाज घ्या

कंपन्या नावं वाट्टेल तशी देतात. एकीचं सबकॉम्पॅक्ट ते दुसरीचं मायक्रो. त्यामुळे नावावर न जाता मापं बघा.

कॉम्पॅक्टचा नमुना म्हणजे १९८८ साली आलेलं ग्लॉक १९. नळी १०२ मिमी, मॅगझिनसकट उंची १२८ मिमी, रुंदी ३४ मिमी, मॅगझिनमध्ये १५ गोळ्या. भरलेल्याचं वजन साधारण ८५० ग्रॅम. स्मिथ अँड वेसनचं एम अँड पी २.० कॉम्पॅक्ट आणि सीझेडचं पी-१० सी हे याच मापाच्या आसपास आहेत.

छोट्यांत दोन पिढ्या आहेत. ग्लॉक २६ हे जुन्या पद्धतीचं: १९ ची मूठ आणि नळी आखूड केलेली, जाडी तीच, १० गोळ्या. नव्या पिढीची सुरुवात २०१८ च्या सिग सावर पी३६५ पासून झाली. नळी जेमतेम ७९ मिमी, जाडी इंचभर, रिकाम्याचं वजन ५०० ग्रॅमच्या आसपास आणि तरीही १० गोळ्या. पुढच्याच वर्षी स्प्रिंगफील्डचं हेलकॅट ११ गोळ्यांचं मॅगझिन घेऊन आलं. आज दुकानात तुमच्यासमोर बहुतेक हेच दोन ठेवले जातील.

त्याखाली खिशात मावणारी, .३८० गोळीची पिस्तुलं: रुगर एलसीपी आणि तिच्या जातीची. रिकामं असताना ३०० ग्रॅमहून हलकं. पहिलं पिस्तूल म्हणून यांचा विचारच करू नका. ती अनुभवी हातांसाठी आहेत.

३. उठून दिसते ती मूठ

नवीन माणूस नळीची लांबी बघतो. नळी पँटच्या आत, मांडीच्या रेषेत उतरते. ती चार इंच आहे की तीन, हे बाहेरून कुणालाच कळत नाही. कपड्यावर उमटते ती मूठ, कारण ती पट्ट्याच्या वर असते आणि तिचं टोक मागे किंवा बाजूला बाहेर येतं. पोटाकडे लावलं तर थोडी लांब नळी उलट चांगली, कारण तिच्यामुळे मूठ पोटाकडे कलते आणि बसून राहते. अगदी आखूड नळीचं पिस्तूल वरच्या वजनानं बाहेर झुकतं.

ग्लॉक ४३एक्स आणि ग्लॉक ४८ शेजारी शेजारी ठेवून बघा. मूठ एकच, फक्त वरची स्लाइड (गोळी सुटल्यावर मागे-पुढे सरकणारा वरचा भाग) एकाची लांब. अंगावर दोन्ही जवळपास सारखीच लपतात. आणि ४३एक्सची उंची ग्लॉक १९ एवढीच आहे! पिस्तूल बारीक, पण कपड्यावर टोचणारं टोक तेवढंच लांब.

पैसे न खर्चता घरी करून बघण्याजोगं: जाड पुठ्ठ्यावर १८७ बाय १२८ मिमीच्या चौकटीत बसणारी ग्लॉक १९ ची बाह्याकृती काढा, दोन-तीन थर चिकटवून कापा. दुसरी पी३६५ ची, साधारण १४७ बाय १०९ मिमी. रोजच्या कपड्यांत एकेक पट्ट्यात खोचून घरात वावरा. बुटाची नाडी बांधा, वरच्या फळीवरचा डबा काढा, गाडीत बसून सीटबेल्ट लावा. आरशात समोरून बघू नका, बाजूनं बघा. वाकल्यावर शर्टाच्या आतून टोकाचा उंचवटा कुठे येतो ते दिसेल. पुष्कळांना या प्रयोगात कळतं की मोठा पुठ्ठा आपल्याला वाटत होता तितका अवघड नाही.

कुर्ता घालणाऱ्या बायकांसाठी: सैल कुर्त्याखाली कॉम्पॅक्ट छान लपतं, पण एका हातानं कुर्त्याचा घेर वर ओढून दुसऱ्या हातानं पिस्तूल काढावं लागतं. पुठ्ठ्यानंच तो सराव करून बघा, म्हणजे बाजूच्या कटाची उंची पुरते का हे कळेल.

४. दुकानात हातात घेऊन काय बघायचं

दुकानदाराला आधी पिस्तूल रिकामं आहे हे दाखवायला सांगा आणि मग स्वतःही बघा. बोट ट्रिगरच्या बाहेर, पिस्तुलाचं तोंड तो सांगेल त्या दिशेला. नेमबाजीचे प्रशिक्षक जेफ कूपर यांचे सुरक्षेचे चार नियम दुकानातही लागू असतात: प्रत्येक बंदूक भरलेलीच आहे असं धरा, जे नष्ट करायचं नाही त्याच्याकडे तोंड करू नका, नेम धरेपर्यंत बोट ट्रिगरवर नको, निशाण्याच्या मागे काय आहे ते ठाऊक हवं.

मग एकेक बघा. करंगळी मुठीवर बसते की खाली हवेत लोंबते? ती लोंबत असेल तर पकडीतला मोठा जोर गेला. नळी तुमच्या कोपरापासूनच्या हाताच्या रेषेत आहे, की ट्रिगरपर्यंत पोचायला पिस्तूल तळव्यात फिरवावं लागतंय? बोटाचं पहिलं पेर ट्रिगरवर सपाट टेकतं का? दुसऱ्या हाताला मुठीवर जागा उरते का, की तो पहिल्या हाताच्या बोटांवरच ठेवावा लागतो?

स्लाइड मागे ओढून बघा. हे महत्त्वाचं आहे. छोट्या पिस्तुलाची स्प्रिंग सहसा जास्त ताठ असते आणि धरायला स्लाइडही थोडीच मिळते. ज्यांच्या बोटांत किंवा मनगटात ताकद कमी आहे, त्यांना नेमकं छोटंच जड जातं.

आणि हे मला पोटतिडकीनं सांगायचंय. बाई दुकानात आली की काउंटरवरून हमखास सर्वांत छोटं, शक्य तर जांभळ्या किंवा फिरोजी रंगाचं पिस्तूल पुढे केलं जातं. 'नाजूक हाताला हे बरं.' हा सल्ला उलटा आहे. हलकं पिस्तूल जास्त झटका देतं, कारण गोळी तीच आणि झटका शोषायला वजन कमी. छोट्या हाताला बारीक मूठ हवी असते, आखूड नव्हे. नम्रपणे नाही म्हणा आणि कॉम्पॅक्ट मागा. स्लाइड खरंच ओढवत नसेल तर स्मिथ अँड वेसनची शील्ड ईझेड ही हलक्या स्प्रिंगची मालिका मागून बघा.

५. विकत घेण्याआधी भाड्यानं चालवा

ही पायरी गाळू नका. बऱ्याच रेंजवर पिस्तुलं भाड्यानं मिळतात. एकट्यानं आलेल्या नवख्याला अनेक ठिकाणी देत नाहीत, म्हणून कुणाला तरी बरोबर न्या किंवा सरळ प्रशिक्षक घ्या. कानांना दुहेरी संरक्षण घ्या: आत बोळे, वर कान झाकणारे मफ. बंद रेंजमध्ये आखूड नळीचा आवाज आणि ज्वाळा दोन्ही जास्त जाणवतात आणि भीतीचा अर्धा भाग आवाजाचाच असतो.

एकाच दिवशी, एकाच प्रकारच्या ९ मिमी गोळ्यांनी, दोन्ही चालवा. प्रत्येकी ५० गोळ्या, निशाणा पाच यार्डांवर, पेपर प्लेट पुरते. पाच-पाचच्या फैरी करा आणि प्रत्येक फैरीची भोकं वेगळ्या प्लेटवर घ्या. पहिल्या दहाची तुलना करू नका, शेवटच्या दहाची करा. ताज्या हातानं पी३६५ सुद्धा सरळ मारतं. चाळीस गोळ्यांनंतर तळव्याची कातडी तापलेली असते, अंगठ्याच्या बेचक्यात टोचायला लागतं आणि हात पुढच्या झटक्याची वाट बघत आधीच खाली ओढू लागतो. उजव्या हाताच्या माणसाची भोकं मग डावीकडे खाली सरकतात.

हा दोष पकडायची खात्रीची युक्ती: बरोबर आलेल्याला मॅगझिनमध्ये मध्येच एखादी नकली गोळी घालायला सांगा. ती कितवी आहे हे तुम्हाला ठाऊक नको. तिच्यावर ट्रिगर दाबल्यावर आवाज होत नाही, पण पिस्तुलाचं तोंड खाली डुचकळी मारतं, ते स्पष्ट दिसतं. दोन्ही पिस्तुलांवर हे करा. कुठल्यात जास्त डुचकतं ते बघा.

आणखी बघा: प्रत्येक गोळीनंतर पकड पुन्हा जुळवावी लागते का? रिकामं कवच बाहेर पडताना स्लाइडमध्ये उभं अडकतं का? छोट्या पिस्तुलात मनगट जरा ढिलं पडलं की हे होतं. कॉम्पॅक्ट अशा चुका पोटात घालतं. आणि त्याच्यावर नेम धरायच्या पुढच्या आणि मागच्या खुणांमधलं अंतर लांब असल्यामुळे नेम किंचित चुकला तर डोळ्याला लगेच कळतं.

६. मग घ्यायचं कुठलं?

पहिलं आणि एकमेव पिस्तूल असेल, महिन्यातून एखाद-दुसऱ्या वेळी सराव करणार असाल, सैल शर्ट किंवा जॅकेट घालायची सवय असेल: कॉम्पॅक्ट. रात्री घरात उपयोगी पडायचं तर तेच बरं, आणि पुढच्या कोर्समध्ये दोन-तीनशे गोळ्या चालवायच्या तर हात त्याच्यावरच टिकतो.

ऑफिसात शर्ट खोचून जावं लागत असेल, अंगकाठी फार बारीक असेल, पुठ्ठ्याच्या प्रयोगात मोठं कुठल्याच जागी बसत नसेल: सबकॉम्पॅक्ट घ्या, पण सरावाचं बजेट वाढवून. तेव्हाही आधी मधलं माप बघा. पी३६५एक्सएल, शील्ड प्लस ही त्या मधल्या पट्टीतली आहेत. त्यांची मूठ किंवा नळी थोडी लांब आहे, जाडी मात्र बारीकच. माझ्या बघण्यातल्या पुष्कळांची गाडी शेवटी याच मापावर येऊन थांबली आहे.

ग्लॉक २६ ची एक सोय अशी की त्यात १९ चं मॅगझिन बसतं. उलटं होत नाही, आखूड मॅगझिन लांब मुठीत पोचत नाही.

दोन पिस्तुलं घेऊन कपड्यांप्रमाणे बदलत राहणं नवख्यानं टाळावं. घाईच्या क्षणी हात सवयीच्या जागी जातो.

७. होल्स्टर आणि पट्टा

इथे पैसे वाचवू नका. पिस्तूल ५०० ते ६५० डॉलरचं आणि ते ठेवायचं होल्स्टर (म्यान) १५ डॉलरचं कापडी, हे गणित चुकीचं आहे. कायडेक्सचं (ताठ प्लास्टिकचं), नेमकं तुमच्या मॉडेलसाठी बनवलेलं, ट्रिगर पूर्ण झाकणारं होल्स्टर ६० ते १०० डॉलरला मिळतं. 'सगळ्या मॉडेलना बसतं' असं लिहिलेलं घेऊ नका. होल्स्टरला पट्ट्याला टेकणारा क्लॉ (बाहेर आलेला छोटा तुकडा) असेल तर मूठ अंगाकडे वळते आणि कॉम्पॅक्ट सबकॉम्पॅक्टसारखं लपतं. सोबत ताठ पट्टा हवा. मऊ पट्ट्यावर कुठलंही पिस्तूल बाहेर कलतं.

पर्समध्ये ठेवणं मी कुणालाही सुचवणार नाही. २०१४ साली आयडाहोत एका दुकानात दोन वर्षांच्या मुलानं आईच्या पर्समधलं पिस्तूल बाहेर काढलं. गोळी सुटली आणि आई तिथेच गेली. पर्स खुर्चीला अडकवली जाते, ट्रॉलीत ठेवली जाते, मुलं तिच्यात खाऊ शोधतात.

८. गोळ्या

सरावाला साधी गोलाकार टोकाची, बाळगायला हॉलो पॉइंट (टोकाला खळगा असलेली, लागल्यावर पसरणारी). एफबीआयच्या चाचणीत गोळी मांसासारख्या जिलेटिनच्या ठोकळ्यात १२ ते १८ इंच शिरावी अशी अपेक्षा असते. आखूड नळीतून वेग कमी मिळतो, म्हणून सबकॉम्पॅक्टसाठी आखूड नळीच्या पिस्तुलांत तपासलेली गोळी घ्या. न्यू जर्सीत हॉलो पॉइंटवर वेगळी बंधनं आहेत, तिथल्यांनी ती आधी वाचावीत. जी बाळगणार, तिचे एक-दोन डबे स्वतःच्या पिस्तुलातून चालवून बघा. अडकली तर ती गोळी बदला.

९. खरेदीच्या दिवशी सोबत काय हवं

- सध्याचा पत्ता असलेलं सरकारी फोटो ओळखपत्र. घर बदललंय आणि लायसन्सवर जुना पत्ता आहे, इथे सर्वांत जास्त लोक परत पाठवले जातात. गाडीचं रजिस्ट्रेशन असा दुसरा सरकारी कागद जवळ ठेवा.
- ग्रीन कार्ड असल्यास ते. फॉर्ममध्ये त्यावरचा क्रमांक लागतो.
- राज्याचा खरेदी किंवा बाळगण्याचा परवाना, जिथे लागतो तिथे.

दुकानात ४४७३ नंबरचा फेडरल फॉर्म भरायचा असतो आणि मग पार्श्वभूमीची तपासणी होते. 'डिलेड' आलं म्हणजे नकार नव्हे, नाव जुळल्यामुळेही तसं होतं. कॅलिफोर्नियात तपासणी लवकर झाली तरी खरेदीचा अर्ज दाखल झाल्यापासून १० दिवस थांबावं लागतं. फॉर्मवर गांजाबद्दल प्रश्न आहे, आणि राज्यात गांजा कायदेशीर असला तरी फेडरल कायद्याला ते मान्य नाही, असं तिथेच छापलेलं आहे. खोटं उत्तर हा गुन्हा आहे. तसंच दुसऱ्याच्या पैशानं, दुसऱ्यासाठी, स्वतःच्या नावावर घेणं हाही. मित्र कितीही जवळचा असो.

१०. घर, कार्यक्रम, प्रवास

अंगावर नसेल तेव्हा पिस्तूल तिजोरीत. पलंगाशेजारच्या ड्रॉवरमध्ये नाही, कपाटाच्या वरच्या फळीवर नाही. आकडे दाबून झटकन उघडणारी छोटी तिजोरी घ्या आणि ती भिंतीला किंवा पलंगाला तारेनं बांधा. घरात कुणी खचलेलं, निराश असेल तर पिस्तूल काही काळ घराबाहेर ठेवण्याची सोय करा आणि मानसिक संकटातल्या माणसांसाठीच्या मदतीचा ९८८ हा नंबर लक्षात ठेवा. पिस्तूल हाताशी असलं की वाईट क्षण निभावून जायला वेळच मिळत नाही.

महाराष्ट्र मंडळाचे गणपती, दिवाळी, नाटकाचे प्रयोग बहुतेक वेळा शाळांच्या सभागृहात होतात. हॉल रविवारी भाड्यानं घेतला तरी ती जागा शाळाच राहते आणि परवाना असला तरी बहुतेक राज्यांत आत बाळगता येत नाही. पार्किंगचे नियमही राज्यागणिक वेगळे आहेत. त्या दिवशी पिस्तूल घरीच ठेवा. कोर्ट आणि फेडरल कार्यालयांतही बंदी आहे. काही राज्यांत देवळांतही.

देशांतर्गत विमानात पिस्तूल रिकामं, कुलूपबंद कडक पेटीत, चेक-इन सामानात आणि काउंटरवर सांगूनच. भारतात जाताना पिस्तूल न्यायचा प्रश्नच नसतो, तरी लोक अडकतात ते एका सुट्या गोळीपायी. तिथल्या विमानतळावर बॅगेत एक जिवंत काडतूस निघालं तरी शस्त्र अधिनियम, १९५९ खाली गुन्हा दाखल होऊ शकतो. म्हणून रेंजची बॅग कायम वेगळी ठेवा, ती प्रवासाला वापरूच नका. वापरायची वेळ आलीच तर उलटी करून झटका, अस्तराच्या शिवणीत आणि बाजूच्या जाळीच्या खिशात बोटं घालून बघा, आणि रेंजवर घातलेल्या जॅकेटचे खिसेही तपासा.